पुलाच्या अलीकडे

तिने आधी 'हो' दाबलं आणि मग प्रश्न वाचला. जुन्या व्हिडिओ गेमच्या मेमरी कार्डात जागा उरली नव्हती, म्हणून ती आपला शाळेत असताना साठवलेला खेळ पुसायला बसली होती. गाड्यांचा तोच खेळ आता बाबा खेळत. पडद्यावर दोन्ही खेळांचं नाव एकच. एक गेला, एक राहिला. राहिलेला उघडून पाहिला तर तो तिचाच निघाला. म्हणजे पुसला गेला तो बाबांचा.

घरात दोघंच, आणि खेळ गेला म्हणजे काय गेलं हे दोघांनाही माहीत होतं. बाबांचं सलून गेल्या वर्षापासून बंद होतं. पक्षाघाताच्या झटक्यानंतर पाय सावरला, बोलणं सावरलं, उजवा हात मात्र रुसून बसला. बोटांना काम द्या, असं फिजिओथेरपीच्या बाईंनी सांगितलं, तेव्हा तिने माळ्यावरून आपला कन्सोल काढला. सुरुवातीला बाबांच्या अंगठ्याने बटणही दबेना. मग गाडी निघाली. भिंतींवर आपटत का होईना, पुढे सरकली, आणि कित्येक महिन्यांनी एका अरुंद पुलाच्या तोंडाशी येऊन थांबली. पुलाला कठडा नव्हता. बोट जरा थरथरलं की गाडी पाण्यात. बाबांनी तेव्हाच ठरवून टाकलं होतं. हा पूल ज्या दिवशी पार होईल, त्या दिवशी वस्तरा हातात घ्यायचा. त्याआधी कुणाच्या गळ्याजवळ हात न्यायचा नाही.

तिने चूक सांगितली, तेव्हा ते रागावले नाहीत. रागावले असते तर तिला बरं वाटलं असतं. माझा खेळ पुलाच्या पुढे गेलेला आहे, तिथून खेळा, असं तिने म्हणून पाहिलं. दुसऱ्याने अर्धवट सोडलेली दाढी आपण हातात घेत नाही, एवढंच बाबा म्हणाले आणि भिंतीकडे तोंड करून पडून राहिले.

जुने कन्सोल हातात घेणारा गावात एकच दुरुस्तीवाला उरला होता. त्याचं दुकान एका जिन्याखाली होतं आणि दाढी अशी वाढलेली, की तिच्यात स्क्रू पडला असता तर पुन्हा सापडला नसता. त्याने सगळं ऐकून घेतलं आणि पुसल्यानंतर कार्डावर काही नवीन साठवलं का, एवढंच विचारलं. तिने नाही म्हटल्यावर त्याचा चेहरा जरा उजळला.

"मग आशा आहे, ताई. पुसलं म्हणजे नुसती दारावरची पाटी निघाली. आतलं सामान जागेवर असतं. नवं बिऱ्हाड यायच्या आत गाठायचं."

कार्ड त्याने ठेवून घेतलं. काम नाजूक होतं, वेळ लागणार होता. कार्डाशिवायही खेळता येईल, फक्त डबा बंद केला की खेळलेलं सगळं विसरून जाईल, असं त्याने सांगितलं.

घरी येऊन तिने दुरुस्तीवाल्याबद्दल आणि त्याच्या वाढलेल्या दाढीबद्दल सांगितलं. बाबांनी कार्डाची चौकशी केली नाही, दाढीची केली. गालावर दाट आहे की हनुवटीवर, असं विचारलं. तिने सांगितलं, सगळीकडेच. बाबा हळहळले.

मग ती रोज जेवणाच्या सुट्टीत ऑफिसमधून दुकानात फोन करायची. अजून थोडं, ताई, असं उत्तर यायचं, तेच ती घरी बाबांना सांगायची. संध्याकाळी घरी परतावं, तर कन्सोल गरम लागायचा. वेळ जात नाही म्हणून खेळतो, कुठे साठतंय, असं बाबा म्हणायचे. रोज पहिल्यापासून सुरुवात करायची आणि रोज सगळं वाहून जायचं, या विचाराने तिचा जीव तुटायचा. खेळाचा विषय ती काढायची नाही.

पंधरवडा उलटला आणि दुरुस्तीवाल्याचाच फोन आला. खेळ सापडला होता. तिने कार्ड दोन्ही हातांत घेतलं. तुमचे उपकार कसे फेडू, असं म्हणाली. दुरुस्तीवाला दाढीतल्या दाढीत हसला. आधी काकांना पूल ओलांडू द्या, म्हणाला.

ती जवळजवळ धावतच घरी आली. चपलाही न काढता तिने कार्ड बसवलं. पडद्यावर गाडी दिसली. पुलाच्या तोंडाशी, जशी सोडली होती तशीच. तिचे डोळे भरून आले. बाबा मात्र चष्मा पुसून पुन्हा पुन्हा पडद्याकडे बघत होते.

"मी इथे होतो?"

"हो बाबा, इथेच होतात."

"अगं, हा पूल तर मी हल्ली रोज दुपारच्या चहाच्या आधी ओलांडतो."

 मग सांगितलं का नाहीत, असं तिने विचारल्यावर बाबा थोडे ओशाळले. कुठेच साठत नव्हतं, म्हणून त्यांनी ते धरलंच नव्हतं. जपायचं काही उरलं नाही तशी बोटंही थरथरायची थांबली, पण कार्ड येईल आणि त्यावर असेल तेच खरं, असं त्यांना वाटत होतं. शिवाय पोरगी बिचारी रोज फोन करत होती.

त्यांनी कंट्रोलर उचलला. गाडी पुलावर चढली आणि कुठेही न डगमगता पलीकडे उतरली. खेळ साठवायचा का, असं पडद्यावर आलं. बाबांनी प्रश्न मोठ्याने वाचला, पहिल्यापासून शेवटपर्यंत, आणि उजव्या अंगठ्याने 'हो' दाबलं. मग सलूनची किल्ली कुठे आहे ते विचारलं.

"आणि त्या दुरुस्तीवाल्यांना फोन लाव," ते म्हणाले. "म्हणावं, उद्या सकाळी सलूनमध्ये या. दाढी मी करतो. वस्तऱ्यानेच."