थबकाची पेटी

पेटीचं झाकण लावलं तेव्हा भिंगरीने श्वास आत घेतला होता, आणि तो तिने अजून सोडला नव्हता. आई झाकणातल्या काचेतून बघत उभी होती. हा ताप एक तर आपला आपण उतरतो, नाही तर माणसाला घेऊन जातो. औषध घेऊन डॉक्टर पलीकडच्या खोऱ्यातून निघाले होते. ते पोचेपर्यंत ताप आहे तिथेच थांबवून धरायचा, एवढंच घरच्यांच्या हातात होतं.

पेटी थबक नावाच्या धातूची होती. गार थबक वेळेला धरून ठेवतो, हे तिथल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक. थबकाच्या कॅनमध्ये दूध नासत नाही, थबकाच्या टोपलीत फुलं कोमेजत नाहीत. आणि तोच धातू तापला की वेळ पळवतो. म्हणून फळवाले तो शेकोटीवर धरून कच्ची फळं पिकवतात, वीटवाले एका दुपारी भिंतभर विटा वाळवतात. भिंगरीचा बाप ओतारी. त्याची हयात या धातूत गेली होती. ही पेटी त्याने खाटकासाठी ओतली होती, मांस ठेवायला. खाटकाने ती हातगाडीवर घालून परत आणून दिली, सोबत दुकानातला होता नव्हता तेवढा बर्फही दिला. बापाने श्वासासाठी बाजूला भोकं पाडली आणि पेटीभोवती बर्फ रचला. आईने सवयीने उशाशी पाण्याचा तांब्या ठेवला.

"बर्फ संपत आला. मी घेऊन येतो," ओतारी म्हणाला. "तू नुसतं लक्ष ठेव. पेटीला हात लावायचा नाही."

"तिचे ओठ बघा ना. निळे पडलेत."

"पडू देत. ताप वाढत नाहीये ना? मग झालं तर!"

"माझं लेकरू आहे ते. दुधाचा कॅन नाही."

तो पोतं खांद्यावर टाकून निघून गेला. धीर देता येत नाही म्हणून हा माणूस खेकसतो, हे तिला लग्नापासून माहीत होतं. तरी आज ते लागलं.

बाहेर थोरला सूर्य मावळला. धाकटा अजून छपरांवर रेंगाळत होता. शेंडेफळच ते, त्याला कोण बोलणार! काचेखाली भिंगरीच्या हनुवटीवर एक शहारा उठला होता आणि तो सावकाश, अगदी सावकाश गालाकडे सरकत होता. आईला ते बघवेना. आत पोरीला अजून थंडी नीटशी कळलीही नसेल, असं ती स्वतःला बजावत राहिली. पण डोक्याला पटलेलं हातांना पटेल तर ना. तिने दुलई आणली आणि काचेपुरती जागा सोडून पेटीवर पांघरली. मग गरम पाण्याची पिशवी भरली आणि पेटीच्या पायथ्याशी सरकवली. फक्त पायाशी. एवढ्याशा उबेने काय होतंय!

शहारा विरला. ओठांवर रंग आला. आईला इतकं बरं वाटलं की ती हसली.

मग भिंगरी कुशीवर दिसली. मग उताणी. मग तिचा तळवा काचेवर आला, गेला, पुन्हा आला, आणि पुढे आईला तळवा दिसेना, नुसती काच धुरकट होत गेली. फळवाल्याच्या शेकोटीवर हिरवं फळ बघता बघता पिवळं पडतं, ते तिने हजारदा पाहिलं होतं. तिने कडीला हात घातला. कडी ओल्या हातात फिरेना.

तेवढ्यात ओतारी दारात आला. दुलई बघितली, पिशवी बघितली, आणि बर्फाचं पोतं तिथेच टाकून धावला. लाथेने पिशवी उडवली. दोघांनी मिळून कडी ओढली.

आतून शिळ्या घामाचा वास आला. तांब्या पालथा पडला होता, कोरडा. भिंगरीचे डोळे खोल गेले होते. नखं वाढली होती आणि टोकांना मोडली होती. बापाने तिच्या कपाळाला हात लावला, मग गळ्याला, मग पुन्हा कपाळाला.

"उतरलाय," तो म्हणाला. "अगं, ताप उतरलाय! सगळा निघून गेलाय!" आणि एवढा थोराड माणूस खाली बसून रडायला लागला.

आईने पोरीला उचलून छातीशी धरलं. ती केवढी हलकी झाली होती! आई तिचे केस कुरवाळत राहिली, पापे घेत राहिली, पण भिंगरीने गळ्यात हात टाकले नाहीत. ती आईच्या चेहऱ्याकडे टक लावून बघत होती. बोलायला गेली तर आवाज फुटेना. हाका मारून मारून बसलेला घसा.

आईने कान तिच्या ओठांशी नेला.

"तू समोरच होतीस," भिंगरी म्हणाली. "कडीवर हात ठेवून. एवढे दिवस उघडलं का नाहीस?"