अलीकडची ठिकाणं

“तूही चल,” म्हणत नवऱ्याने पहिल्यांदाच मला गॅरेजवर नेलं. आमची गाडी जपानहून आलेली. ती जिथे थांबेल ते ठिकाण तिच्यातलं नकाशाचं यंत्र टिपून ठेवी, पण जपानीत. ती मुंग्यांची रांग घरात कोण वाचणार, म्हणून मी निर्धास्त होते. नवरा पुढे मेकॅनिकशेजारी बसला, मी मागे. मेकॅनिकने कार्ड घातलं, भाषा बदलली आणि पडद्यावर सगळं आपल्या भाषेत उमटलं. अलीकडची ठिकाणं: वकीलबाईंचं ऑफिस, तीनदा; महिला वसतिगृह, काल दुपारी. आरशात मेकॅनिकला माझा उतरलेला चेहरा दिसला असावा, कारण त्याने घाईघाईने यादीवर तळहात धरला. “साहेब, भाषा बदलली की जुनी यादी पुसावी लागते. पुसू?” नवऱ्याने आरसा हळूच स्वतःकडे वळवला. “पुस की,” आरशातून माझ्याकडे बघत तो म्हणाला, “मला पाठ आहे.”