वहीतला शब्द

चौऱ्याहत्तर साली माझ्या लेकासाठी, हंबीरसाठी, आष्ट्याची मालन बघायला गेलो. पोरगी सांगलीच्या कॉलेजात केमिस्ट्री शिकणारी. तिचा ताठा उतरवायला मी हंबीरच्या वहीतला एक शब्द घोकून गेले होते.

"काय गं, डीकार्बॉक्सिलेशन म्हंजी काय?"

"आम्लातला कार्बॉक्सिल गट काढून टाकायचा. त्याचा कार्बन डायऑक्साइड होऊन उडून जातो."

"बरोबर हाय का रं, हंबीर? आमचा बी.एस्सी. झालाय, म्हटलं!"

बी.एस्सी.ला दोनदा नापास झालेला हंबीर पोह्यांच्या बशीत बघत बसला. मेल्यानं नुसती मान हलवली असती, तरी भागलं असतं. मला मान वर करवेना.

मालनच उठली. "पोहं गार झालं, मावशी. दुसरं आणते."

आठ दिवसांनी तिच्या वडिलांचं कार्ड आलं, पत्रिका जुळत नाही म्हणून.

पत्रिका आम्ही दिलीच नव्हती.