पुलापलीकडचा माल

पुलाच्या तोंडाशी बस आपोआप थांबली आणि नेहमीप्रमाणे सगळे उतरले. पलीकडे दुसरी महापालिका होती, आणि बिनचालकाच्या बसमधून प्रवासी आणू द्यायचे की नाही, हे तिच्या समितीने अजून ठरवलं नव्हतं. रिकाम्या बसला मात्र मनाई नव्हती. म्हणून माणसं पूल चालून जात आणि पलीकडे त्याच बसमध्ये पुन्हा चढत. पालिकेने याला आरोग्य योजनेत धरलं होतं.

आज उल्काच्या वडिलांना, आबांना, उठवतच नव्हतं. त्यांना जबर धाप लागली होती. रुग्णालय पुलापलीकडे दिसत होतं आणि बोलावलेली रुग्णवाहिका मागे मोटारींच्या गर्दीत अडकली होती.

“कृपया उतरून घ्यावे,” बस मंजुळपणे म्हणाली.

“अगं बये, माणूस जातोय इथे!”

“आपली भावना समितीला कळवली आहे.”

“तिच्याशी काय भांडतेस?” भाजीवाल्या तांबटमावशी खालून म्हणाल्या. “माझ्या पाट्या रोज आतच जातात. सामान म्हणून लाव त्यांना.”

उल्काने बसमधल्या पडद्यावर ‘माल’ निवडलं आणि वजन अंदाजाने भरलं.

“मालासोबत कोणी थांबू नये,” बस म्हणाली. “माल परत आणायचा आहे का?”

उल्काचं बोट अडलं.

“हो म्हण,” आबा कसेबसे म्हणाले. “दुप्पट भाडं पडलं तरी हो म्हण, पोरी.”

तिने ‘हो’ दाबलं आणि उतरली. दार लागलं, तशी ती बसमागे धावत सुटली.