मालकांचं ताट

“ह्यांना वाढायच्या आधी तू जेवत जा गं,” शेवटच्या दुखण्यात सासूबाईंनी बजावलं होतं. तिला हसू आलं होतं. जगातल्या सगळ्या सासवा नेमकं उलटं सांगतात! तिने ते कानाआड केलं.

आता सासरे दवाखान्यातल्या खाटेवर होते, हाताला सलाइन. नजर पोचेल तिथवर त्यांची जमीन होती. ती जमीन कारखान्याला गेली, मागोमाग गडीमाणसं कारखान्यात गेली आणि मालक मुलाच्या फ्लॅटमध्ये आले.

डॉक्टरांनी विचारलं, “पोटभर कधी जेवले होते?”

ती आठवू लागली. बाळाने सकाळी किती चमचे खाल्ले, कुठला थुंकला, तिला तोंडपाठ होतं. सासऱ्यांचं ताट ती दुपारी झाकून ठेवायची आणि बाळाला मांडीवर घेऊन ऑफिसच्या मीटिंगला बसायची. सासरे दाराशी यायचे.

“जेवलीस का?”

गरम वाढायला कुणी नाही, याचा टोमणाच तो, असं तिला वाटायचं. “कुठलं माझं जेवण, बाबा! तुमचं झाकून ठेवलंय ना?” ती खेकसायची. ते मुकाट परत जायचे. ताट तसंच राहायचं. रात्रीही बाळ झोपेपर्यंत तिचं बसणं व्हायचं नाही; सासरे दोन घास चिवडून उठायचे. म्हातारपणी नखरे वाढतात, ती नवऱ्याला म्हणायची आणि बाळाच्या वाटीतलं उरलंसुरलं उभ्याउभ्या तोंडात टाकायची.

आता खाटेशेजारी नवरा भिंतीला टेकला. “शेतावरचा शेवटचा गडी जेवून हात धुवायचा, तेव्हा कुठे बाबा ताटावर बसायचे. आम्ही पोरं भुकेने कळवळायचो. पण घरात एक माणूस जरी उपाशी असलं, तरी त्यांच्या घशाखाली घास उतरायचा नाही.”

“मला कधी बोलला नाहीस?”

“जमीन गेली, गडी गेले. वाटलं, ते खूळही गेलं.”

सासऱ्यांनी डोळे उघडले. ओठ हलले. “जेवलीस का?”

ज्यांच्यासाठी ते थांबायचे, त्या एवढ्या सगळ्या माणसांतली आता ती एकटीच उरली होती.

तिने नवऱ्याचा डबा ओढून घेतला. त्यांच्यासमोर बसली आणि रडत रडत शेवटच्या घासापर्यंत जेवली. मग कुठे सासऱ्यांनी दवाखान्यातल्या पेजेला तोंड उघडलं.

हल्ली ती भेटेल त्याला सांगते, तुम्हालाही सांगेल: “घरात म्हातारं माणूस आहे ना? मग हातातलं हे राहू द्या बाजूला. उठा, आणि त्यांच्या ताटावरचं झाकण काढून बघून या.”