शालनबाई ॲडमिनिस्ट्रेटर

"आई, पासवर्ड टाक."

अजिंक्य स्वयंपाकघराच्या दारात उभा होता. शालनबाईंनी भाकरी तव्यावर टाकली, तिच्यावरून पाण्याचा हात फिरवला आणि मागं न बघता म्हणाल्या, "न्हाई."

"अगं, मशीन माझं आहे!"

"आसंल. पर आता त्याची मालकीन मी हाय."

दुपारी तो कॉलेजला गेला तेव्हा कॉम्प्युटर चालूच राहिला होता. शालनबाई वर गेल्या आणि क्लासात शिकल्या होत्या तसं सगळं केलं. स्वतःच्या नावाचं खातं उघडलं, ते ॲडमिनिस्ट्रेटर केलं आणि पोराचं खातं साधं करून टाकलं. त्याचा तो बंदुकांचा गेम सुरू व्हायलाच ॲडमिनिस्ट्रेटरची परवानगी मागायचा. ती परवानगी आता आईच्या हातात आली होती.

हे शिकवलं दिव्या मॅडमनं. लातूरकडची ही मुलगी ताथवड्यात कॉम्प्युटरचा क्लास चालवायची. एक दिवस तिचाच फोन आला, "काकू, बायकांची नवी बॅच सुरू होतेय. तुमचं नाव आलंय माझ्याकडं." शेजारच्या कस्तुरानं दिलं असेल, असं समजून शालनबाई गेल्या. माऊस धरायला शिकल्या, एका बोटानं टाइप करायला शिकल्या. मग एकदा क्लास सुटल्यावर दिव्यानं त्यांना थांबवून घेतलं.

"काकू, घरी कुणी गेम खेळतं का?"

शालनबाईंच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं.

सांगण्यासारखं पुष्कळ होतं. इंजिनिअरिंगचे विषय राहिले होते. जेवणाचं ताट वरच्या खोलीत जायचं आणि निम्मं तसंच खाली यायचं. आजोबांच्या दहाव्याला तर पिंडाला कावळा शिवायच्या आत हा घाटावरून गाडी काढून घरी पळाला, का तर त्याची मॅच होती. त्याच्या वडिलांनी, लक्ष्मणरावांनी, त्या दिवशी वाढत्या पोरावर कमरेचा पट्टा उगारला. काही उपयोग झाला नाही.

दिव्यानं सगळं ऐकून घेतलं. कुठला गेम, हे तिनं विचारलंसुद्धा नाही. रोज पोरांतच असते, तिला ठाऊक असणार. तिनं सगळं शिकवलं आणि शेवटी म्हणाली, "कुलूप लावणं सोपं आहे काकू. न उघडणं अवघड. मला शब्द द्या."

शालनबाईंनी शब्द दिला.

लक्ष्मणराव हसले. "आगं, पोरगं कॉम्प्युटरचं इंजिनेर व्हनार. तुजं कुलूप त्यो च्या पिता पिता तोडंल."

पण अजिंक्यनं तोडलं नाही. तो ओरडला. दारं आपटली. "तू आई नाहीस, वैरीण आहेस," म्हणाला. मग बोलणंच सोडलं.

एका दुपारी मात्र तो खाली आला आणि आईपुढं फरशीवरच बसला. "एकदाच, आई. फक्त आज. बघ ना, हात कापतायत माझे."

हात खरंच कापत होते. शालनबाईंना ते बघवेना. त्या उठल्या, वर गेल्या, कॉम्प्युटरपुढं बसल्या. पहिलं अक्षर दाबलंसुद्धा. मग काय वाटलं कुणास ठाऊक, गच्चीवर जाऊन त्यांनी दिव्याला फोन लावला.

"बाई, लेकरू तुटाया लागलंय. एकडाव उघडते."

"नाही काकू," दिव्या म्हणाली. "आत्ता उघडलंत तर पुन्हा कधी बंद होणार नाही."

शालनबाई डोळे पुसून खाली आल्या. मेथीची जुडी अजिंक्यपुढं टाकली. "निवड."

त्यानं जुडी भिंतीवर भिरकावली. शालनबाईंनी विखुरलेली मेथी गोळा केली, परातीत ठेवली आणि समोर बसून निवडायला लागल्या. बराच वेळ गेला. मग अजिंक्यचा हात परातीकडं आला आणि एकेक पान खुडायला लागला.

त्यानंतर तो खाली जेवायला लागला. जेवताना आईशी दोन शब्द बोलायला लागला. मेथीनंतर मटारही सोलायला लागला. एक दिवस तो वडिलांना म्हणाला, "दादा, चुलत्यांकडं जाताना मलाही घ्या." लक्ष्मणरावांचा घास हातातच राहिला.

राहिलेले विषय सुटले. पुढं शेवटचं वर्षही पार पडलं आणि चाकणच्या एका कंपनीत त्याला ट्रेनी म्हणून घेतलं. ते कळलं त्या संध्याकाळी लक्ष्मणराव बायकोला म्हणाले, "माज्या पट्ट्यानं झालं न्हाई ते तुज्या कुलपानं केलं, बरं का."

"मग! चौथी शिकल्यालीचं कुलूप," शालनबाई म्हणाल्या, "पर इंजिनेराला तुटलं न्हाई." हे त्यांनी गल्लीतही चार जणींना सांगितलं.

मग पेढ्यांचा पुडा घेऊन त्या दिव्याकडं गेल्या. "घे बाई. तुज्यामुळं माजं लेकरू माणसांत आलं. तू त्या दिशी इचारलं नसतंस तर मी कुनाला सांगनार हुते?"

दिव्यानं पेढा हातात घेतला, पण खाल्ला नाही.

"काकू, हे माझं डोकं नव्हतं. आता सांगायला हरकत नाही. नोकरी लागेपर्यंत बोलू नका, अशी शपथ घातली होती मला."

"कुनी?"

"तुमच्या अजिंक्यनं. मी तुम्हाला बॅचसाठी फोन केला ना, त्याच्या आदल्या दिवशी तो इथं येऊन रडला होता. म्हणाला, मी लावलेलं कुलूप मीच तोडतो, मॅडम. आईनं लावलेलं तोडायला माझा हात धजावणार नाही. तिला शिकवाल?"