ऐकायचा कोर्स

“हाबी नक्को,” म्हणत नामदेवरावांनी कानातले इअरफोन उपटले.

“अहो, हा चौथा कोर्सही नको? यात काय वाईट होतं?” इंदुताईंनी विचारलं.

“यात शिकवणारी बाई नुसती धावत सुटते. समोरच्याला तोंड उघडायला सवड द्यावी का नाही?”

अंबरपेठेतल्या त्या घरात आठवडाभर हेच चाललं होतं. जर्मनीतला मुलगा प्रशांत फोनवर म्हणाला होता, “बाबा, राणी दोन-दोन भाषांत गोंधळते. आता घरात फक्त जर्मन. तिच्याशी बोलायचं असेल तर तुम्हीच शिका.”

सहा वर्षांची ही नात हल्ली फोनच्या पडद्यावर हात हलवायची आणि पळून जायची. ते नामदेवरावांना फार लागलं होतं. “शिकण्याला मी भितो की काय?” ते मुलावर कडाडले होते. पुस्तक मात्र नको, ऐकायचाच कोर्स हवा, हा त्यांचा हट्ट.

पाचवा कोर्स पसंत पडला. त्यातले गुरुजी सावकाश एक वाक्य म्हणत, मग “येट्स्ट डू”, म्हणजे ‘आता तू’, असं सांगून गप्प बसत. नामदेवराव वाक्य काही म्हणत नसत. गुरुजी किती वेळ गप्प बसतात, तेवढं भिंतीवरच्या घड्याळात बघत.

दाढी करताना, पाणी भरताना त्यांच्या तोंडी तेवढेच दोन शब्द. “येट्स्ट डू, येट्स्ट डू.”

“एवढंच आलं होय? पोरीशी बोलणार काय, कप्पाळ!” इंदुताई हसल्या.

“पुरे आहे तेवढं.”

कोर्स घेतल्याचं कळल्यावर प्रशांत खूश झाला. “शेवटी ऐकलंत माझं. काळानुसार बदलावंच लागतं, बाबा.”

“हौ,” म्हणून नामदेवरावांनी फोन ठेवला.

दुसऱ्या दिवशी दुपारी त्यांनी खिडक्या लावल्या, पंखा बंद केला. इंदुताईंना कुकर लावू दिला नाही. घामाघूम होऊन ते टेबलाशी बसले, घसा खाकरला आणि फोनवरचं रेकॉर्डिंगचं लाल बटण दाबलं.

“आजोबा, तुम्ही जेवलात का?” ते सावकाश, एकेक शब्द सुटा करून म्हणाले. “येट्स्ट डू, राणी.”

आणि घड्याळाकडे बघत गप्प बसले.